आईचे साडेआठ

वाचनाची आवड असलेल्या सर्व सज्जनांस नम्रपणे सूचित करण्यात येते की, एका मालिकेने आपले राहते ठिकाण सोडल्यामुळे एका घरावर कोणता प्रसंग ओढवला, तो निवारण्यासाठी प्रस्तुत लेखकाने कोणकोणते उपाय योजले आणि प्रत्येक उपायाने मूळ प्रसंगात कशी भर पडली, याचे यथातथ्य निवेदन येथे करण्यात येणार आहे. त्यात अतिशयोक्ती आढळणार नाही. जेथे आढळेल तेथे ती घडलेली आहे, असे समजावे.

माझा व्यवसाय टीव्ही दुरुस्तीचा. दुकान आमच्याच इमारतीच्या जिन्याखाली. एके काळी सायंकाळी कुणाच्या घरातले चित्र थरथरले, की लोक आधी मला हाक मारीत आणि मग देवाला. मी गच्चीवर चढून अँटेना फिरवावा आणि खालून साऱ्या मजल्यांनी एकमुखाने ओरडावे, "आलं, आलं… गेलं! परत फिरवा!" त्या काळापासून लहानथोर मला अँटेनाकाका म्हणतात. पुढे अँटेना गेला, काका तेवढा राहिला. माझे शालेय शिक्षण सातवीच्या पुढे परिस्थितीने जाऊ दिले नाही. परंतु दुकानात गिऱ्हाईक नसताना माझे वाचन विपुल होते, आणि अलीकडे गिऱ्हाईक नसतेच. त्यामुळे भाषेत काही सौष्ठव आढळल्यास त्याचे श्रेय मंदीला द्यावे.

आता मूळ विषय. आमची आई मालिकांना त्यांच्या नावाने कधीच ओळखत नसे. ती वेळेलाच नाव समजे. "सातच्यात आज नुसती रडारड," किंवा "आठचं बघवत नाही हल्ली," असे ती म्हणे. परंतु या सर्वांत शिरोमणी होते ते "साडेआठचं". त्यासाठी तळमजल्यावरच्या नर्समावशी रोज कठडा धरून दोन जिने चढून आमच्याकडे येत. मावशी निवृत्त परिचारिका. वयाने आईच्याच जोडीच्या, आणि मताने नेमक्या विरुद्ध. मालिकेतला थोरला मुलगा वादळात बोट बुडून बेपत्ता झाला होता. तो जिवंत आहे की नाही, यावर या दोघींचे जे युद्ध जुंपले, त्याने मालिकेच्या दोन दिग्दर्शकांची कारकीर्द पाहिली.

"बाई, मेलेला नाही तो," आई म्हणे. "सुरुवातीच्या गाण्यात अजून त्याचं तोंड दाखवतात. मेला असता तर काढलं असतं. फुकट कोण कुणाचं तोंड दाखवतं?"

"आक्का, अख्खी नोकरी मी माणसं जाताना पाहिली," मावशी म्हणत. "समुद्रात पडलेला माणूस एवढे महिने टिकत नाही. फुगतो."

"शी! जेवायच्या वेळेला काय बोलता!"

"विषय तुम्ही काढलात."

अर्धा तास मालिका आणि अर्धा तास तिचे शवविच्छेदन. येथे एक गोष्ट गांभीर्याने नमूद करणे अगत्याचे आहे. वडील गेल्यापासून आई दिवसभरात जे काही बोले ते त्या एका तासात. इतर वेळी ती "हो", "नको" आणि "बघ बाबा" या तीन उत्तरांत संसार निभावीत असे. तात्पर्य, साडेआठचे म्हणजे आईची वाचा होती.

आणि एके दिवशी भाग संपताच मालिकेतली धाकटी सून पडद्यावर प्रकट झाली आणि हसतमुखाने म्हणाली की, थोरला परत येणार का, याचे उत्तर देणारे अखेरचे सर्व भाग आता केवळ त्यांच्या ॲपवर, फक्त तिथेच, इतरत्र कुठेही नाही. 'केवळ', 'फक्त' आणि 'इतरत्र कुठेही नाही' यांचा अर्थ एकच असूनही तिने तिन्ही वापरले, यावरून त्या मंडळींचा निर्धार ध्यानात यावा.

आईने रिमोट उचलला. "ॲप कितव्या नंबरला लागतं रे?"

दुसऱ्या दिवशी साडेआठला त्याच जागी एक स्पर्धा सुरू झाली. तीत लोक डोळ्यांना पट्टी बांधून काहीतरी खात आणि काय खाल्ले ते ओळखत. मावशींनी थोडा वेळ पाहिले आणि विचारले, "यांची सगळ्यांची डोळ्यांची ऑपरेशनं झालीत का?" आई हसली, ते शेवटचे हसणे. पुढे मावशी येईनाशा झाल्या. जे गुडघे साडेआठच्यासाठी दोन जिने चढत, ते स्पर्धेसाठी चढण्यास तयार नव्हते, आणि यात गुडघ्यांना दोष देता येणार नाही. आई बंद टीव्हीसमोर बसू लागली. लावू का म्हटले तर म्हणे, "कशाला वीज जाळायची?" एकदा मी दुकानातून वर आलो तेव्हा तिने विचारले, "आज कोण आलं होतं रे दुकानात?"

"कुणी नाही."

"माझ्याकडेही नाही," ती म्हणाली आणि चादरीची घडी घालू लागली.

ज्या मनुष्याने आयुष्यभर दुसऱ्यांच्या घरातली चित्रे परत आणली, त्याच्या मातेचे चित्र जावे आणि त्याने बघत बसावे, हे माझ्या स्वाभिमानास रुचले नाही. मी जिन्यात जाऊन, चार माणसे ऐकतील अशा बेताने घोषणा केली की, शेवटचे भाग ज्या शनिवारी येणार आहेत त्या शनिवारी साडेआठला आई आणि नर्समावशी ते माझ्या घरी, माझ्या टीव्हीवर, एकत्र बसून पाहतील. घोषणा जिन्यात करू नये, हा धडा मला त्यानंतर मिळाला. जिन्यातल्या घोषणेला प्रतिध्वनी असतो, आणि तो सल्ल्याच्या रूपाने परत येतो.

पहिला सल्ला घरातूनच आला. आमच्या घरी सर्वजण मनोरंजनप्रेमी आहेत. फक्त ते एकमेकांपासून लपून असल्यासारखे मनोरंजन करतात. सौभाग्यवती स्वयंपाकघरात डब्याला फोन टेकवून कुठल्याशा परदेशी घराण्यातल्या कटकारस्थानांत रमलेली असते. भाजी करपली की समजावे, तिकडे कुणाचा तरी खून झाला. कन्या नोकरीवरून आली की कानात इअरफोनची बोंडे घालून आपल्या खोलीत अंतर्धान पावते. ती म्हणाली, "बाबा, एवढं काय त्यात? आजीला माझ्या फोनवर लावून देते."

सरावासाठी एक जुना भाग लावला आणि मावशींना वर बोलावले. दोन वृद्ध स्त्रिया एका फोनवर वाकल्या. दोन्ही चष्मे एकमेकांवर आपटले. आवाज लहान म्हणून कन्येने कानातले एकेक बोंड दोघींना दिले. आईचा उजवा कान अधू, आणि तिला नेमके उजवे बोंड आले.

"काय म्हणाला तो?" आई.

"कोण?"

"तो बोलतोय ना, तो!"

"माझ्या कानात बाई बोलतेय," मावशी म्हणाल्या. तेवढ्यात आईचे बोट पडद्याला लागले, चित्र धावत सुटले आणि मालिकेतली दोन लग्ने व एक अपघात क्षणार्धात आटोपले. "थांबव रे हिला!" आई ओरडली. मावशींनी बोंड काढून पुसले आणि कन्येच्या हातात ठेवले. "गुण चांगला आहे हो तुझ्या फोनचा. पण हे एकट्याचं भांडं आहे. यात दोघी जेवायच्या नाहीत."

अर्थात टीव्हीशिवाय तरणोपाय नव्हता. परंतु आमचा टीव्ही जुन्या घडणीचा, पाठीला पोक असलेला, वजनदार. त्याच्या पोटात नव्या काळाची वायर जाईल असे छिद्रच नाही. वरच्या मजल्यावरचे विमेवाले म्हणाले, "अँटेनाकाका, टाकून द्या तो रणगाडा, नवा घ्या. आणि नवा घेतलात तर त्याचा विमा माझ्याकडून." टीव्ही दुरुस्त करणाऱ्याने टीव्ही टाकून देणे म्हणजे वैद्याने रोग्याला गॅलरीतून ढकलणे. मी बाणेदारपणे नकार दिला आणि बाजारातून एक काडी व एक डबी आणली. काडी इंटरनेटमधून चित्र ओढते. डबी त्या नव्या चित्राला जुन्या टीव्हीची, लाल-पिवळ्या-पांढऱ्या वायरींची भाषा शिकवते. डबीला वेगळी वीज लागते. त्या विजेसाठी लांब वायरचा बोर्ड लागतो. आणि तो बोर्ड ज्या एकमेव सॉकेटमध्ये बसला तो फ्रिजचा होता. चित्र आले. दूध नासले.

"अहो, मालिका बघायची का चहा प्यायचा, ते एकदा ठरवा," सौभाग्यवती म्हणाली. तिने फोनवरून नजर मात्र उचलली नव्हती.

विमेवाल्यांनी दुसरा सल्ला दिला: फोनला अमुक रिचार्ज मारला की ते ॲप फुकट. मी मारला. ॲप फोनमध्ये उघडले. काडीत मात्र संदेश आला की, ही योजना केवळ मोबाइलसाठी आहे; टीव्हीवर पाहण्यासाठी आपला दर्जा वाढवावा. माझा दर्जा वाढवावा, असे मला आजवर कुणी लेखी कळवले नव्हते. तो कागद असता तर मी फाडला असता. पडदा असल्याने बंद केला.

तेव्हा तिसऱ्या मजल्यावरचे कारकूनसाहेब मदतीस धावले. हे एका वकिलाच्या कार्यालयात असतात, त्यामुळे सरळ गोष्टही दबक्या आवाजात सांगतात. "कशाला खर्चात पडता? माझं खातं आहे, टीव्हीचं, मोठं. पासवर्ड घ्या. फक्त कुठे बोलू नका." त्यांनी पासवर्ड माझ्या कानात सांगितला. तो इतका गुप्त होता की त्यांना स्वतःलाच नीट आठवेना. तिसऱ्या प्रयत्नाला तो त्यांच्या सासूच्या जन्मतारखेवर येऊन स्थिरावला. मी तो काडीत भरला, आणि पडद्यावर अक्षरे उमटली: हा टीव्ही या खात्याच्या घराचा भाग नाही.

मी ग्राहक सेवा केंद्रास फोन केला. बराच काळ बासरी ऐकल्यावर एक मधुर आवाजाची मुलगी आली.

"सर, हा टीव्ही आपल्या घराचा भाग दिसत नाही."

"बाई, हा टीव्ही माझ्या लग्नापासून माझ्या घरात आहे."

"सर, खातं ज्यांच्या नावावर आहे ते आणि आपण एकाच घरात राहता का?"

"एकाच इमारतीत. त्यांचा मिक्सर लागला की आमची भांडी वाजतात. त्यांच्याकडे पाहुणे आले की खुर्च्या आमच्या जातात. यापरते घर ते काय?"

"पण इंटरनेट एक आहे का सर?"

"नाही."

"मग आपण एक घर नाही सर."

हे वाक्य तिने इतक्या सौजन्याने उच्चारले की मला त्याचा राग येण्यास थोडा उशीर लागला. मी म्हणालो, "बाई, माझी पत्नी स्वयंपाकघरात, मुलगी खोलीत, मी बाहेर. तिघे तीन फोनवर. जेवायच्या वेळाही वेगळ्या. पण इंटरनेट एक आहे. ते घर का?"

"हो सर. ते घर."

तिने पुढे सांगितले की, टीव्ही एकदा मुख्य घराच्या वाय-फायला जोडला, तर ॲप त्याला काही काळ घरातला मानेल. "आणखी काही मदत करू शकते का सर?" मी म्हणालो, "नको, एवढी पुष्कळ झाली."

वाचकहो, 'हा टीव्ही' असे पडद्यावर लिहिले होते आणि 'टीव्ही' असेच ती मुलगीही म्हणाली होती. ज्याचे आयुष्य टीव्ही उचलण्यात गेले, त्याला टीव्ही न्या म्हटल्यावर तो टीव्हीच नेणार. मी आणि विमेवाले यांनी तो रणगाडा उचलला. विंचवाचे बिऱ्हाड पाठीवर असते. आमचे छातीवर होते. जिन्याच्या वळणावर तो कठड्यात आणि भिंतीत असा अडकला की वर जाईना, खाली येईना. त्या अवघड क्षणी विमेवाले धापा टाकत म्हणाले, "काका, आत्ता हा पडला तर, याचा विमा आहे?"

"नाही."

"आणि तुमचा?"

"नाही हो!"

"बघा!" ते म्हणाले, आणि नेमका त्या 'बघा'च्या वेळी त्यांचा हात सुटला. टीव्ही माझ्या कमरेने झेलला. माझ्या तोंडून जे शब्द निघाले ते छापण्याजोगे नसल्याने येथे देत नाही.

कारकूनसाहेबांच्या घरी भिंतभर रुंदीचा टीव्ही चालू होता आणि त्याच्याकडे कुणीही पाहत नव्हते. कारकूनवहिनी एका कोपऱ्यात, मुले दुसऱ्या कोपऱ्यात, खुद्द साहेब आरामखुर्चीत, प्रत्येकाच्या हातात स्वतंत्र उजेड. "ठेवा तिकडे," वहिनी मान न उचलता म्हणाल्या. आमचा टीव्ही त्या भल्यामोठ्या टीव्हीच्या पायाशी, गावाकडचा भाऊ बंगल्यातल्या भावाकडे उतरावा तसा, संकोचून बसला. काडी, डबी, बोर्ड, सगळे जोडले. संदेश गेला. आमचा टीव्ही एकदाचा त्यांच्या घरातला झाला. मग आम्ही तो पुन्हा आमच्या घरी आणला, आणि मी दिवाणावर पालथा पडलो.

कन्या कामावरून आली. तिने सर्व हकीकत ऐकली. मग म्हणाली, "बाबा, नुसती ती काडी नेली असती तरी चाललं असतं. त्यांच्याच टीव्हीला लावायची होती."

स्वयंपाकघरातून आवाज आला, "अहो, कमरेला काय लावू? मलम का चार्जर?"

असो. शनिवार उजाडला. आईने दुपारपासून केस विंचरून ठेवले होते. चष्मा तिने इतक्यांदा पुसला की काचेची काळजी वाटावी. आणि ती बोलत होती! "बाईंना मऊ उशी काढ. त्यांना पाठीला लागते. आणि आज हरल्या तर रडतील, पाणी ठेव." मी स्वतः खाली गेलो. मावशी दारातच उभ्या होत्या.

"नक्की लागेल ना रे? माझ्या गुडघ्यांत आता दोनच जिने शिल्लक आहेत."

"मावशी, मी शब्द दिलाय."

"शब्द तर त्या धाकट्या सुनेनंही दिला होता," त्या म्हणाल्या, पण कठड्याला हात घातला.

आठ वाजून गेल्यावर विमेवाले आले, कारकूनसाहेबही आले. चहा झाला. टीव्ही लावलेला होता. जुन्या पडद्यावर नवे चित्र चहूबाजूंनी थोडे कापले जात होते, पण होते. मी रिमोट हातात घेऊन घड्याळाकडे पाहत उभा राहिलो.

"लावा की काका," कारकूनसाहेब म्हणाले. "वाट कसली बघताय?"

"साडेआठ वाजू द्या."

"अहो, ते सकाळपासून आलंय! सगळे भाग! मी तर दुपारपर्यंत…" येथे त्यांनी स्वतःच्या तोंडावर हात ठेवला आणि तो पुढे बराच वेळ काढला नाही.

"सकाळपासून आलेले असेल," मी शांतपणे म्हणालो, "परंतु ते आहे साडेआठचे." आईने माझ्याकडे अभिमानाने पाहिले. तेवढे पाहणे मला आयुष्यभर पुरेल, आणि पुरवावेच लागणार आहे.

साडेआठ वाजले. पडद्यावर अनेक चौकोन होते. सर्वांत वर आमच्या मालिकेचे चित्र, आणि त्याखाली शब्द: पाहणे पुढे सुरू ठेवा. वाचकहो, आपण माझ्या जागी असता तर काय केले असते? आम्ही पाहतच होतो. मध्ये खंड पडला होता. आता पुढे सुरू ठेवायचे होते. ते वाक्य जणू आमच्याचसाठी कुणीतरी कळवळून लिहिले आहे, असे मला वाटले. मी बटण दाबले. मागून कारकूनसाहेब हाताआडून "अं… अं…" असे काहीतरी म्हणाले, परंतु मला तो खोकला वाटला.

पडद्यावर दार उघडले. दारात दाढी वाढलेला थोरला उभा होता. समोर म्हातारी आई. तो म्हणाला, "उशीर झाला मला." तिने फक्त दारातून बाजूला होऊन त्याला वाट दिली. चित्र गोठले, वाद्ये वाजली आणि नावे वर सरकू लागली: प्रकाशयोजना, वेशभूषा, ध्वनी.

मालिका संपली होती. खाते कारकूनसाहेबांचे, त्यांनी जेवणापूर्वी जेथे सोडले होते, तेथून ॲपने इमानेइतबारे पुढे सुरू ठेवले होते. मालिका संपायला अवघे एक वाक्य उरले असताना त्यांना जेवायला हाक आली होती.

"मागे घ्या! मागे घ्या!" विमेवाले ओरडले. मी मागे घेण्याचे बटण दाबले, तर टीव्ही दुसऱ्याच चौकोनात शिरला आणि बदकांची एक फौज गाणे म्हणू लागली. "मला वाटलं, तुम्ही तुमचं वेगळं प्रोफाइल केलं असेल," कारकूनसाहेब पुटपुटले. बदके बंद करण्याच्या धांदलीत आवाज वाढला. शेवटी मी बोर्डच उपटला. एव्हाना फ्रिजही त्याच बोर्डावर आणला होता, त्याबरोबर तोही गेला.

आईने चष्मा काढून पुसला.

"आला," आई म्हणाली.

"आला खरा," मावशी म्हणाल्या.

"दाढी वाढलीय."

"वाढणारच."

मी वाट पाहत होतो. इतक्या महिन्यांच्या युद्धात आई जिंकली होती, आता ती म्हणेल, "सांगत होते ना?", मावशी म्हणतील, "त्यात काय, मालिकावाल्यांनी जगवला," आणि पुन्हा जुंपेल. परंतु तसे झाले नाही. बारा-पंधरा भागांचा तो हळूहळू येणारा विजय, त्यातले संशय, खोट्या बातम्या, मावशींचे एकेक पाऊल मागे सरणे, हे सर्व मधल्या मध्ये गिळले गेले होते. नुसता निकाल लागला होता. निकालावर कुणी किती वेळ बोलणार?

"तुमचंच खरं झालं, आक्का," मावशी उठत म्हणाल्या.

"तसं काही नाही, बाई." आईने त्यांची उशी आपल्या मांडीवर घेतली. "तुमचंही बरोबर होतं. बहुतेक जण नाहीच येत परत."

मावशी गेल्या. कठड्यावरून सरकणारा त्यांचा हात तळमजल्यापर्यंत ऐकू आला. विमेवाले जाताना म्हणाले, "मी तेव्हाच म्हटलं होतं, नवा टीव्ही घ्या." त्याचा या प्रकरणाशी काय संबंध, हे मला अजून उमगलेले नाही.

दुसऱ्या दिवशी मी आईला म्हणालो, "पहिल्यापासून लावतो. मधले सगळे भाग आहेत."

"तो येणारच आहे," ती म्हणाली. "मग मी रडू कशाला?"

मी हार मानली नाही. त्या ॲपमध्ये मालिकांचा महासागर आहे. अर्थात, खाते कारकूनसाहेबांचे असल्यामुळे, "तुम्हाला हेही आवडेल" म्हणून जे काही समोर येई त्यात मुख्यतः मल्लयुद्धे आणि प्रेते असत. तरी मी धीराने एकेक चौकोन उघडीत राहिलो. ही बघ, राजघराण्याची. ही बघ, हॉस्पिटलची. ही दोन बहिणींची. आई प्रत्येकीवर म्हणे, "चांगली आहे." शेवटी ती म्हणाली, "कुठलीही लाव रे. मला काही कळत नाही त्यातलं. फक्त बाईंना बोलाव. भांडायला माणूस नको का?"

हे वाक्य मला फार पूर्वीच समजायला हवे होते. मी हॉस्पिटलची मालिका निवडली, कारण तीत मावशी प्रत्येक इंजेक्शनला चुका काढतील आणि आई डॉक्टरांची बाजू घेईल, हे उघड होते. माझ्या आजवरच्या योजनांत ही एकच शहाणपणाची. कमरेवर हात ठेवून मी दोन जिने उतरलो.

मावशींचे दार लोटलेले होते. त्या खिडकीपाशी खुर्चीत बसल्या होत्या. त्यांच्या सुनेला म्हणे सासूबाईंची दया आली. तिने आपला जुना फोन त्यांना देऊन टाकला, कपावर टेकवून दिला, आणि दोन्ही कानांना दोन बोंडे लावून दिली. फोनच्या उजेडात मावशींचा चेहरा निळसर दिसत होता. त्या कशाला तरी हसत होत्या. एकट्याच.

"मावशी," मी म्हणालो. "मावशी!"

त्यांनी वर पाहिले, ओळखीचे हसल्या आणि एक बोट वर केले. "एवढा भाग झाला की आले हो!" कानांत बोंडे असल्यामुळे त्या फार मोठ्याने बोलल्या. "आक्कांना सांग, आलेच!"

मी दारात थांबलो. भाग संपला. पडद्यावर नावे वर सरकू लागली. मावशींनी खुर्चीचे हात धरले, उठण्यासाठी थोड्या पुढे झुकल्याही. मी आधार देण्यास पाऊल टाकले. तेवढ्यात पडद्याच्या कोपऱ्यात एक छोटे वर्तुळ फिरू लागले, त्यात पाच, चार, तीन असे आकडे आले, आणि कुणी काही न दाबता पुढचा भाग सुरू झाला. कोणीतरी किंकाळी फोडली असावी. मावशींनी "अगंबाई!" म्हटले आणि त्या हळूच मागे टेकल्या.

मी दार पुन्हा होते तसे लोटले.

वर आलो तेव्हा आई टीव्हीसमोर बसलेली होती. पडद्यावर हॉस्पिटलच्या मालिकेचे चित्र थांबलेले होते.

"येतायत?" तिने विचारले.

"येतायत," मी म्हणालो.

ती दिवाणावर थोडी सरकून बसली आणि शेजारची चादर हाताने सारखी केली. "मग लावू नकोस इतक्यात. त्यांचं सुरुवातीचं चुकायला नको."

"नाही लावत," मी म्हणालो, आणि रिमोट हातात धरून तिच्या बाजूला उभा राहिलो.

निवेदन येथे थांबवतो. हे मध्येच सोडून दुसरीकडे न गेलेल्या प्रत्येक वाचकाचा मी मनापासून ऋणी आहे. विशेषतः ज्यांनी ते कुणाला तरी शेजारी बसवून, मोठ्याने वाचले असेल त्यांचा.

आपला विनम्र,
अँटेनाकाका
टीव्ही दुरुस्ती, जिन्याखाली